दुसरा टेक

राजेंद्रनगरात, दुसऱ्या मजल्यावर,
रात्री साडेअकरानंतर मी समुद्र लावते.
दिवसा नाही लावता येत.
खाली फरसाणवाल्याची चक्की,
कचऱ्याच्या गाडीचं गाणं,
आणि शेजारी मुळ्येकाकूंचा मिक्सर:
लाटांच्या मधोमध चटणी वाटली जाते.

चाळीस तासांचं फुटेज.
उत्तरेकडचं एक बेट, ज्याचं नाव
अजून माझ्या घशातून नीट निघत नाही.
लाकडी मांडवांवर जोडीजोडीनं
शेपट्या बांधून टांगलेले कॉड, हजारांनी,
वाऱ्यात एकमेकांवर आपटतात
तेव्हा वाळल्या शेंगांसारखे वाजतात.
शाळा सुटल्यावर गमबूट घातलेली पोरं
माशांच्या जिभा कापतात, खाऊच्या पैशांसाठी.
आणि ऑडवार, वय एकाहत्तर,
ज्याच्या डाव्या हाताला अंगठा नाही
आणि का नाही ते त्यानं सांगितलं नाही,
मीही विचारलं नाही.

निघताना त्यानं एक सुका मासा दिला, लाकडासारखा.
स्वेटरमध्ये गुंडाळून मी तो माळ्यावर टाकला.
काकू तीन दिवस जिन्यात मेलेला उंदीर शोधत होत्या.

सगळी फिल्म एका शॉटवर उभी होती.
निळी पहाट. होडीच्या काठाशी ऑडवार
जाळं ओढतोय: आधी हात, मग खांदे, मग पाठ.
अनुदानाच्या अर्जात मी याला प्रार्थना म्हटलं होतं.
ओढताना त्याचे ओठ हलतात.
खाली मी लिहिलं होतं,
‘समुद्र देतो तेव्हा देतो.’
भाषा येत नव्हती. चेहरा तसा वाटला.

मग हातोदला गेले, यशवंत सागरावर,
देवचंद रैकवारकडे.
तिथल्या माणसाला इथला एक जोडा,
असं पैसे देणाऱ्यांचं म्हणणं.
पालथ्या नावेवर लॅपटॉप ठेवला,
ऊन लागू नये म्हणून वर गमछा धरला.
तो बघत राहिला. बिडी हातातच विझली.
देश कुठला, थंडी किती, काही नाही.
मासा काय भावानं जातो तेवढं विचारलं,
आणि शॉट संपल्यावर म्हणाला,
‘जाल तो खाली है, बई.’

परत लावायला सांगितलं.
पडद्यावर काळ्या नखाचं बोट टेकवून दाखवलं:
भरलं जाळं आधी कमरेला लागतं,
माणूस मागे रेलतो, नाव पुढे झुकते.
याची नाव हललीच नाही.
पाठ ओढतेय खरी,
पण पाय बघा, बस थांब्यावर उभे असावेत तसे.

आठवलं मला.
पहिल्या वेळी जाळं खरंच भरून आलं होतं
आणि मी फोकस विसरून ओरडले होते.
क्षितिज तिरकं, काचेवर पाणी,
ऑडवारची अर्धीच टोपी.
पुन्हा एकदा कराल का, मी खुणेनं विचारलं.
त्यानं मासे सोडवून पाटीत टाकले,
रिकामं जाळं परत पाण्यात सोडलं
आणि पाहुणीसाठी ओढलं.

देवचंद आपलं जाळं गोळा करत होता.
त्या दिवशी त्याला काहीच लागलं नव्हतं.
बिडी पुन्हा पेटवली, हसला नाही,
सरळ विचारलं,
‘मैं भी खींच दूँ?’

घरी येऊन तेवढा आवाज कापला,
बर्गनच्या एका मुलीला पाठवला.
चार दिवसांनी एक ओळ आली.
फिल्ममध्ये आता पहाट तशीच निळी आहे,
पाठही तशीच ओढते,
फक्त खाली अक्षरं उमटतात:
‘झालं का? कॉफी गार होतेय माझी.’

त्याच्या आधी पहिला टेक लावलाय.
सात सेकंद. तिरका.
मुळ्येकाकूंना दाखवला, तर म्हणाल्या,
मासे दिसतायत गं,
पण एवढं ओरडतंय कोण?